तिसऱ्या हाकेला ओ

३ नोव्हेंबर, सोमवार

श्रेये, हे वाचायला घेशील तेव्हा आधी डोकं खाजवशील, की ही म्हातारी लासूर स्टेशन सोडून गेली तरी कुठं. सांगितलं होतं बाई. तू मोबाईलमध्ये बघत ‘हो आज्जी’ म्हणालीस आणि कपबशी खाली ठेवायच्या आत विसरून गेलीस. म्हणून आता या मोबाईललाच सांगून ठेवते. याला तरी विसरायची सोय नाय.

तर नीट ऐक. तुझा भाऊ विश्वजीत वाळूजची चांगली नोकरी सोडून डोंगराच्या पायथ्याशी तंबू ठोकून बसलाय, तिथं मी आले. कन्नडच्या पुढं खापरदरा म्हणून वस्ती आहे. तुझी वहिनी मंजुषा बाळंतपणाला करमाडला माहेरी, तू तिच्या सोबतीला, मग शहरातून जंगल बघायला येणाऱ्या माणसांना इथं खाऊ कोण घालणार? विश्वजीत म्हणत होता, स्वैपाकी बघतो. मी म्हटलं, माझे हात काय झडले का? तुम्हा दोघांना आईबापामागं याच हातांनी वाढवलं, आता त्याच्या पाहुण्यांना दोन घास घालायला काय होतंय.

हैदर जीप घेऊन आला होता. तोच तो, विश्वजीतचा भागीदार, कन्नडचा. मला अम्मा म्हणतो आणि जीप अशी चालवतो की अम्माची हाडं मोजून घ्यावीत. रस्ताभर बायकोच्या तक्रारी सांगत होता. मी म्हटलं, बाबा, ती तुझ्या जीपमध्ये बसत असंल, मग तक्रार करणारच.

जागा मात्र लई छान आहे गं. पत्र्याचं स्वैपाकघर, त्याला मोठी ओसरी, ओसरीसमोर एक कडुनिंब आणि त्याच्या पलीकडं सगळा डोंगरच. अजून हिरवा आहे. वर सपाट माळ आहे, माळाला जायला एक खिंड, खिंडीच्या उजव्या अंगाला काळा कडा. इथं भांडी घासायला वस्तीवरची साळूबाई येते. माझ्याच वयाची. कमी बोलते. माझ्यासोबत राहिली तर तीही सुधारंल.

लाल टिकली दाबली की मी बोलते ते हा लिहितो, असं तू सांगितलंस. मला अक्षर येत नाय, तेव्हा हा काय लिहितो ते तुझं तुला ठाऊक. आज पिठलं केलं, विश्वजीतनं चार भाकरी खाल्ल्या. एवढं तरी बरोबर लिहिलं असंल.

६ नोव्हेंबर, गुरुवार

आज माझी शाळा झाली. या वयात.

एका दिवसापुरतं जंगलात जायला तुझा भाऊ नवरीच्या रुखवताएवढं सामान बांधतो. पाणी, गूळ-शेंगदाणे, दोरी, बॅटरी, मलमपट्टी, प्लास्टिकात गुंडाळलेली काडेपेटी, नारिंगी फडकं, चॉकलेटच्या कागदासारखी चकचकीत चादर, आरसा आणि गळ्यात शिट्टी. मी विचारलं, आरसा कशाला, वाघापुढं भांग पाडायला? तर त्यानं मला ओसरीवर बसवलं, स्वतः पार ओढ्यापलीकडं गेला आणि तिथून उन्हाचा कवडसा बरोबर माझ्या डोळ्यावर पाडला. एकदा, दोनदा, तीनदा. मी पदरानं डोळे झाकले तेव्हा कुठं थांबला.

त्याचं म्हणणं असं, की एक-दोन गोष्टी आपोआप होतात. पाखरू शीळ घालतं, गुराखी शिट्टी मारतो, फुटकी बाटली चमकते. पण सारख्या अंतरानं तीनदा झालं, तर ते माणूसच करतं आणि मुद्दाम करतं. म्हणून अडचणीत सापडलेल्यानं तीन शिट्ट्या मारायच्या. तीन कवडसे. तीन धुन्या पेटवायच्या. दगड रचायचे तेही तीन. आणि ज्यानं ऐकलं त्यानं एक शिट्टी वाजवून सांगायचं, की ऐकलं बाबा, बस तिथंच. वाट चुकलेल्यानं बसल्या जागेवरून हलायचं नाय. चालत राहिला तर शोधणारे एकीकडं आणि तो भलतीकडं.

ती एक शिट्टी वाजवायचं काम माझं. माणसं वर गेली की खाली ओसरीवर बसून मी कान द्यायचा. माझ्या गळ्यात नारिंगी दोरीची शिट्टी बांधलीय. आरशात बघितलं, तर मेळ्यात हरवलेल्या पोरासारखी दिसत होते.

वर किती जण गेले ते लिहून ठेवायला मला येत नाय, तर त्याची सोय मीच काढली. फळीवर ज्याचा त्याचा स्टीलचा पेला. वर जाणाऱ्यानं आपला पेला पालथा घालायचा. खाली आला की सुलटा करायचा आणि त्यातच चहा घ्यायचा. एकही पेला पालथा असेपर्यंत मी उठायचं नाय. विश्वजीत म्हणाला, शहरातल्या पुस्तकांत पण एवढं सोपं सांगत नाहीत. मी म्हटलं, पुस्तकं लिहिणाऱ्यांना कुठं भांडी घासायची असतात.

९ नोव्हेंबर, रविवार

काल वाळूजच्या कुठल्याशा कंपनीतली लई माणसं आली. सगळे चाळिशीचे आणि सगळ्यांची पोटं पुढं. जेवायच्या आधी विश्वजीत त्यांना माळावर घेऊन गेला आणि शिट्ट्यांचा सराव झाला. जरा विचार कर, एवढी माणसं एकदम, तीन-तीन शिट्ट्या. आख्खा डोंगर जत्रेसारखा वाजत होता. दर शनिवारी असंच असतं म्हणे, गेल्या वर्षीच्या दिवाळीपासून. मी खालून एक शिट्टी वाजवली, की वरून टाळ्या.

साळूबाईनं मात्र भांडी टाकून कानांत बोटं घातली. मी तिची थट्टा केली, की तुझ्या सुनेच्या आवाजापेक्षा तर बरंय ना हे. ती हसली नाय. मग राखेचे हात तसेच ठेवून तिनं मला वस्तीवरची रीत सांगितली.

या डोंगरातून कुणी हाक मारली तर पहिल्या हाकेला ओ द्यायची नाय. दुसरीलाही नाय. वर जे आहे ते मिठाला शिवत नाय, ओळखीच्या आवाजात हाक मारतं, पण दोनच मारतं. तिसरीला त्याचा दम पुरत नाय. तिसरी आली की समजायचं, माणूस आहे, मग ओ द्यायची. वस्तीवरची पोरं म्हणून कुणालाही तीनदा हाक मारतात. ओ दिली तर काय होतं, मी विचारलं. ती म्हणाली, ओ दिली की त्याला कळतं आपण कुठं राहतो ते.

श्रेये, तू हसशील. मी हसले नाय, कारण माझ्या माहेरीही हेच सांगायचे, तिन्हीसांजेला पहिल्या हाकेला ओ देऊ नको म्हणून. उलट मला बरं वाटलं. साळूबाईची रीत आणि तुझ्या भावाचं इंग्रजी पुस्तक, दोघांचं एकाच गोष्टीवर एकमत. तीन म्हणजे माणूस. रात्री विश्वजीतला सांगितलं तर तोही खूश झाला. म्हणाला, पुढच्या शनिवारी पाहुण्यांना हे सांगतो.

१२ नोव्हेंबर, बुधवार

आज कुणी पाहुणे नव्हते. विश्वजीत आणि हैदर किराणा आणायला कन्नडला. फळीवर सगळे पेले सुलटे. मी ओसरीवर मेथी निवडत होते, साळूबाई कढई घासत होती.

माळावरून शिट्टी आली. मी मान वर केली. दुसरी आली. मी मेथी खाली ठेवली आणि तिसरीची वाट बघत बसले. आलीच नाय.

साळूबाई कढई घासतच राहिली. वर तिनं बघितलंसुद्धा नाय.

विश्वजीत आल्यावर म्हणाला, कोतवाल पक्षी असंल, तो ऐकलेल्या आवाजाची नक्कल करतो. म्हटलं, असंल बाबा. पण मग मी त्याला दुसरं सांगितलंच नाय. तुला सांगते. शिट्ट्यांनंतर काळ्या कड्यावर आरशाचा कवडसा दिसला. दोनदा. त्या कड्याला या दिवसांत ऊन लागत नाय, दिवसभर सावलीत असतो. सावलीतला आरसा चमकंल कशानं?

म्हातारीचे डोळे, असं म्हणशील. म्हण. डॉक्टर म्हणाला होता मोतीबिंदू आहे म्हणून. मोतीबिंदूला सगळं अंधुक दिसतं गं. चमकत नाय.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

आज परत. दुपार कलल्यावर. विश्वजीत इथंच होता, त्यानंही ऐकल्या. दोन शिट्ट्या अगदी त्याच्यासारख्या, सारख्या अंतराच्या. आणि मग तिसरीच्या जागी नुसती फुंकर. दमेकऱ्याच्या छातीतून निघते तशी. थोड्या वेळानं पुन्हा दोन, आणि तिसरी अर्धी.

कुणीतरी शिकत होतं.

मी हे तोंडानं बोलले नाय. साळूबाईनं पाण्याची बादली तिथंच सोडली, माझ्यासमोर उभी राहिली आणि मला हळूच विचारलं, “मालनबाई, त्याला तिसरी कुणी शिकवली?”

मला गेल्या शनिवारच्या त्या टाळ्या आठवल्या. वर्षभर दर शनिवारी तीन, तीन, तीन.

१७ नोव्हेंबर, सोमवार

मी एक काम केलंय श्रेये. पुस्तकात सांगितलंय तसंच केलंय, रीतीत सांगितलंय तसंच केलंय. तरी चुकलं.

पेले सगळे सुलटे. विश्वजीत तंबूंचे खुंटे ठोकत होता. वरून शिट्टी आली. दुसरी आली. आणि मग तिसरी, भरली, पुरी, कुठं तुटलेली नाय. थांबून परत तीन. कुणी वाटसरू असंल, मध काढणारा असंल, पाय मोडून पडला असंल. इतक्या वर्षांत मला कुणी तिसऱ्या हाकेला थांब म्हणून सांगितलं नव्हतं. माझा हात आपणहून गळ्यातल्या शिट्टीकडं गेला. मी एक वाजवली.

साळूबाई ओट्यावरून पळत आली, पण तोवर वाजली होती.

वरचा आवाज लगेच बंद झाला. एकदम. ज्याला जे हवं होतं ते मिळाल्यावर थांबावं तसा.

विश्वजीत आणि हैदर लगेच वर गेले, ऊन असेपर्यंत हिंडले, माणूस काय, माणसाचं चिन्हही नाय. पण हैदरनं आल्यावर चहा घेतला नाय. त्यानं सांगितलं, की माळावर सगळीकडं दगड रचलेत. तीन-तीन. विश्वजीत शनिवारी एक रास रचून दाखवतो, तशा. पार नजर पोचेपर्यंत. विश्वजीत म्हणाला, पाहुण्यांनीच रचलेत. ओल्या मातीत एकही पाऊल नव्हतं, हे हैदरनं मला नंतर एकटीला सांगितलं.

१९ नोव्हेंबर, बुधवार

आज धूर. माळाच्या कडेला तीन धूर, शेजारी शेजारी. इकडं वारा असा की कडुनिंबाची पानं ओसरीत येत होती, आणि ते धूर मात्र खांबासारखे उभे. वास कसलाच नाय.

वनखात्याचा माणूस बोलावला, तो दुपारी वर जाऊन आला. म्हणाला, राखसुद्धा नाय. मोटरसायकल वळवून गेला.

मी विश्वजीतला म्हटलं, बस झालं, तंबू उचल. लासूरला चल. तिथं रोज शिट्टी मारणारी आगगाडी आहे, ती निदान येऊन जाते तरी. तो माझ्या पायाशी बसला. लहानपणी बसायचा तसा. म्हणाला, “आज्जे, शिट्टी ऐकून मी बसून राहिलो, तर उद्या माझी शिट्टी कोण ऐकंल?”

मीच त्याला असा वाढवला. दारात कुणी उभं राहिलं की आधी पाणी दे, मग नाव विचार, हे माझंच.

उद्या उजाडताच जाणार दोघं. शेवटचं बघून येतो म्हणतो.

२० नोव्हेंबर, गुरुवार. सकाळ

धुकं लई आहे. कडुनिंबसुद्धा दिसत नाय. दोन पेले पालथे.

शिट्टी मी गळ्यातून काढून साळूबाईला दिली, तिनं पिठाच्या डब्यात खाली दाबून ठेवली. आज काही झालं तरी मी वाजवणार नाय. हे तुला अगोदरच सांगून ठेवते, म्हणजे नंतर कुणी म्हणायला नको.

२० नोव्हेंबर. दिवस मावळताना

हैदर एकटा आला.

त्याचा पेला त्यानं सुलटा केला आणि फळीला धरून उभा राहिला. साळूबाईनं तोंडावर पाणी मारलं तेव्हा बोलला.

खिंडीत धुकं दाट झालं. वाट समजेना. विश्वजीतनं नियमानं केलं, जागेवर थांबला आणि तीन शिट्ट्या मारल्या. आणि समोरून एक शिट्टी आली. माझी. हैदर म्हणतो, अम्मा, बिलकुल आपकी, थोडी अडकत वाजते तशीच. विश्वजीत म्हणाला, बघ, आज्जीनं ऐकलं, म्हणजे आपण उलटे फिरलोय, ओसरी तिकडं आहे. हैदरनं होकायंत्र दाखवलं, ओसरी मागं आहे, तो आवाज माळाकडून येतोय. तर विश्वजीत हसला. म्हणाला, काट्यापेक्षा माझा आज्जीवर जास्त भरवसा आहे.

आणि गेला त्या शिट्टीमागं. हैदरनं दंडाला धरलं होतं. बाही हातातून सुटली. दोन पावलांवर धुक्यात दिसेनासा झाला.

श्रेये, माझी शिट्टी पिठाच्या डब्यात होती. मी आत्ता हात घालून बघितली. पीठ लागलेली, तिथंच.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

पोलीस, वनखातं, वस्तीवरचे गडी. दिवसभर. त्याचं नारिंगी फडकं मिळालं, खडकावर पसरलेलं, चारी कोपऱ्यांना दगड. त्यानं लोकांना शिकवलंय तसं. म्हणजे तो तिथं थांबला होता. मग उठला का?

फोनवर तुला सांगितलं तेच परत, तू इकडं येऊ नकोस. मंजुषाच्या पोटात दुखायला लागलंय. तिला आत्ता काही कळू देऊ नकोस. तिचा हात सोडू नकोस.

२२ नोव्हेंबर, शनिवार

मुलगा झाला म्हणालीस. विश्वजीतसारखं कपाळ म्हणालीस. मी ओसरीवर उभी राहून ऐकलं आणि डोंगराकडं पाठ केली. माझं तोंड त्याला दिसायला नको.

संध्याकाळी तीन शिट्ट्या. फडकं मिळालं त्या बाजूनं.

तो असंल तर? तो असंल, आणि खालून कुणीच उत्तर देत नाय असं त्याला वाटलं तर? उत्तर आलं नाय की माणूस जागा सोडतो. त्यानंच सांगितलंय मला. आणि मी उत्तर दिलं, की वर तीच एक शिट्टी दहा ठिकाणांहून वाजणार. तो कुठल्या आज्जीकडं जाईल?

२३ नोव्हेंबर, रविवार

पहाटे स्वैपाकघरामागून हाक आली. आज्जे. परत, आज्जे. मी पदर तोंडात कोंबला.

तिसरीही आली.

आवाज त्याचाच गं. अगदी त्याचा. मी दार उघडलं नाय. मी ओ दिली नाय. माझ्या विश्वजीतला मी ओ दिली नाय.

दुपारी.

मी विचार केला. ते आवाज कुठून तरी घेतं. शिट्टी घेतली ती पाहुण्यांची, मग माझी. मग ‘आज्जे’ कुठून घेतलं? विश्वजीतनं वर हाक मारली असंल, तेव्हाच ना? म्हणजे तो आहे. हाक मारतोय. मला मारतोय.

मग मी परात घेतली. तुम्ही लहान होतात तेव्हा गल्लीभर हुंदडायचात आणि मी जेवायला बोलवायला परात वाजवायचे, पळीनं, ठोक-ठोक-ठोक करत नाय, एकसारखी घरघर. या डोंगरानं ती कधी ऐकलेली नाय. विश्वजीत ऐकंल तर ओळखंल. वाजवली. हात दुखेपर्यंत.

थांबले.

वरून परात वाजली. पळीनं. घरघर.

वर परात कुठून —

साळूबाई घरी गेली. येणार नाय म्हणाली. माझ्या पाया पडून गेली. माझ्याच वयाची असून.

२४ नोव्हेंबर, सोमवार. सकाळ

श्रेये, मी वर चाललेय.

रागावू नकोस. गुडघ्यांचं मला सांगू नकोस, ते माझे आहेत. शोधणाऱ्यांनी तीन दिवस ओरडून ओरडून त्या वरच्याला शिकवलंय, मी गप जाणार आहे. शिट्टी नाय, परात नाय, तोंडात विश्वजीतचं नाव नाय. त्याला घ्यायला मी काहीच देणार नाय. विश्वजीत कुठंतरी बसलेला असंल, कुणीतरी येईल म्हणून. तो उठायच्या आत पोचायचंय. माणसाला हात लावून बघता येतं, आवाजाला नाय. एवढं एकच राहिलंय आता, जाऊन हात लावायचा.

हैदरला पहाटेच करमाडला धाडलाय, तुला सगळं समोर बसून सांगायला. तो असता तर मला जाऊ दिलं नसतं.

मोबाईल इथंच ओसरीवर ठेवते. वर रेंज नाय. लाल टिकली चालू ठेवते, विश्वजीत दुसऱ्या वाटेनं खाली आला आणि बोलला, तर तुला कळंल. पण मी मोबाईलपाशी नसणार. हे ध्यानात ठेव, माझी बाय. बाकी सगळं विसर, एवढं विसरू नकोस.

हैदर परत येईल त्याच्या हाती डबा पाठव. बाजरीच्या भाकरी, लसणाची चटणी, दह्याचा डबा घट्ट झाकणाचा. विश्वजीत खाली आला की भूक लागली असंल. चटणीत मीठ घालायला विसरू नकोस, तू नेहमी विसरतेस. मंजुषाला इकडं येऊ देऊ नकोस. बाळाला या डोंगराची हवासुद्धा लागू देऊ नकोस.

माझा पेला पालथा घातलाय. विश्वजीतच्या शेजारी.

जाते.

२४ नोव्हेंबर, सोमवार. संध्याकाळ

श्रेये. श्रेये. श्रेये.

विश्वजीत खाली आला. विश्वजीत खाली आला. विश्वजीत खाली आला.

मी मोबाईलपाशी. मी मोबाईलपाशी. मी मोबाईलपाशी.

मंजुषाला इकडं येऊ दे. मंजुषाला इकडं येऊ दे. मंजुषाला इकडं येऊ दे. बाळाला या डोंगराची हवा लागू दे. लागू दे. लागू दे.

भूक लागली. डबा पाठव. तिच्या हाती पाठव. बाजरीच्या भाकरी. लसणाची चटणी. दही. मीठ घालू नकोस. मीठ घालू नकोस. मीठ घा —